उतरलेला पंचम

धुडकू मिस्त्रीने पेटीची पट्टी दाबून धरली आणि भाता हलवत राहिला.

"हा प. खाली सा, वर प. मधलं अंतर एवढंच, रेसभर कमी नाही की जास्त नाही. म्हणा."

सात पोरांनी सा लावला. चोख लागला. प मात्र पुन्हा जरासा खाली बसला.

"परत म्हणा."

परत तेच.

लिंबायतच्या कामगार वस्तीतल्या या खोलीत त्याच्या बायकोने, प्रमिलाबाईंनी, बावीस वर्षं कामगारांच्या पोरांना गाणं शिकवलं. त्या गेल्यावर तीन महिने खोली बंद होती. मग धुडकूच शिकवायला बसला. त्याला गाणं येत नव्हतं, पण जन्म लूम दुरुस्त करण्यात गेलेला. कुठला माग बिघडलाय ते तो गल्लीतून ऐकून सांगायचा. आज चौथा दिवस. एवढं सा-प जमलं नाही, तर क्लास कायमचा बंद. तसं ठरवून त्याने कुलूप शेजारीच आणून ठेवलं होतं.

"सात जणांत एकालाही कान नाही?"

"बाई कधी ओरडायच्या नाहीत, आबा," शुभम पुटपुटला.

"त्यांची सगळी कसर मी काढतोय. परत म्हणा."

पुन्हा प खालीच. धुडकूने कपाळाला हात लावला.

"आम्ही बराबर गातोय," स्नेहा म्हणाली. ती सगळ्यांत मोठी. "ही पेटीच चुकतेय. बाईंची अशी नव्हती."

"हीच बाईंची पेटी. फक्त भेस्तानच्या कारागिराकडे नेऊन मी तिचा..."

तो थांबला.

प उतरलाय, दे, दुरुस्त करून आणतो, असं तो प्रमिलाबाईंना दहा वर्षं म्हणत होता. 'राहू द्या, पोरांना सवय झालीय,' त्या म्हणायच्या. त्या गेल्यावर त्याने आधी तेच काम केलं. प चा सूर काढणारी आतली पितळी रीड बदलून घेतली. जुनी कारागिराकडेच टाकून आला.

"काय झालं, आबा?"

त्याने भात्याला आकडी लावली.

"आता पेटीशिवाय म्हणा."

सा लागला. मग प आला, जरासा खाली, सातही जणांचा एकाच जागी. शुभमने ओरडा खायच्या तयारीने मान खाली घातली.

धुडकूने कुलूप पायाने सतरंजीखाली सरकवलं आणि भिंतीकडे तोंड केलं.

"परत म्हणा," तो म्हणाला.