मागे मूठ नसलेली खुर्ची

घरात कोणी आजारी असो, म्हातारं असो की अपंग, आपण धावून जातो. त्यानं उठायच्या आत त्याला उठवतो, मागायच्या आत हातात देतो. यात वाईट काय, असं तुम्ही विचाराल. नत्थूजीही हेच विचारायचे, आणि विचारताना त्यांचा आवाज जरा चढायचा.

नत्थूजी कळमन्याच्या बाजारात हमाल. तीस वर्षं धान्याची पोती वाहिलेली पाठ. त्यांची मुलगी रोशनी हिच्या पायांत जन्मापासून बळ नाही. शाळेत, दवाखान्यात, लग्नाच्या मांडवात, सगळीकडे ती बापाच्या पाठीवरून गेली. घराच्या तीन पायऱ्यांशी आले की नत्थूजी वाकत, ती गळ्यात हात टाकी आणि गल्ली म्हणे, बाप असावा तर असा. मुलगी अठरा वर्षांची झाली, घरात चाकांची खुर्ची आली, तरी कोपऱ्यावरून दुधाची पिशवी आणायला तिला कोणी एकटं सोडलं नव्हतं.

"मले जाता येते ना गा, बाबा."

"मी हाव ना अजून! तू काहून तरास घेतं?"

बोलणं तिथंच संपायचं.

अशा घरात हर्षाताईंचं नाव कॉलेजातल्या मैत्रिणीकडून आलं. हर्षाताई मौद्याच्या. विसाव्या वर्षी हायवेवर ट्रकनं त्यांच्या स्कूटीला उडवलं आणि दोन्ही पाय कायमचे गेले. चार-पाच वर्षांनी त्यांनी व्हीलचेअर बास्केटबॉल हातात घेतला आणि पुढे अकरा वर्षं महाराष्ट्राकडून खेळल्या. उजवा खांदा झिजला तेव्हा डॉक्टर म्हणाले, आता खेळ पुरे. बाईंनी चेंडू ठेवला आणि शिट्टी उचलली. दर रविवारी सकाळी धरमपेठेतल्या एका शाळेच्या मैदानावर त्या मुलींना शिकवतात. रोशनीनं हट्ट धरला, आईनं, म्हणजे भागीरथाबाईंनी, बाजू घेतली, तेव्हा कुठे नत्थूजी कबूल झाले.

पहिल्याच दिवशी त्यांना दोन गोष्टी खटकल्या. एक म्हणजे खेळायच्या खुर्चीला मागून ढकलायला मूठच नव्हती.

"ताई, हिले धराचं कुठून?"

"धराचंच नाही, भाऊ. ज्याची खुर्ची, त्याचे हात."

दुसरी गोष्ट, घरच्यांनी फाटकाबाहेर थांबायचं. नत्थूजींना हा अपमान वाटला. सहा महिने ते बाहेर कडुनिंबाखाली तोंड फुगवून बसले, आणि आत काय चालतं ते त्यांना कळलंच नाही. आत पहिले कित्येक रविवार चेंडूसुद्धा नव्हता. कमरेला पट्टा बांधून खुर्चीसकट पडायचं, आणि एक हात जमिनीला रेटून खुर्चीसकट उठायचं, एवढंच.

मग राज्याच्या शिबिरासाठी निवड सामना ठरला. नत्थूजींनी घरात जाहीर करून टाकलं, "यंदा नाव आलं तर ठीक, नाहीतर हा खेळ बंद." रोशनीच्या हातात तो एकच सामना होता.

त्या दिवशी पाणी द्यायला म्हणून नत्थूजींना संघाच्या बाकावर जागा मिळाली. सामना छान चालला होता. रोशनीनं दोनदा चेंडू टोपलीत टाकला, आणि नत्थूजींनी शेजारच्याला सांगून टाकलं, "माही पोरगी हाय." तेवढ्यात दोन खुर्च्या एकमेकींवर आदळल्या आणि रोशनी धाडकन आडवी झाली.

नत्थूजी थेट मैदानात! पोतं उचलावं तशी त्यांनी खुर्चीसकट मुलगी उचलून सरळ केली. पंचांची शिट्टी वाजली. बाकावरचा माणूस आत आला म्हणून संघाला दंड, समोरच्यांना मोकळी फेक आणि एक गुण. गंमत बघा, प्रेक्षकांनी बापासाठी टाळ्या वाजवल्या. बायकांनी डोळे पुसले. रोशनीच्या डोळ्यांतही पाणी होतं, पण ते रागाचं होतं.

"मी उठतच होती, बाबा," ती एवढंच म्हणाली.

मध्यंतरात हर्षाताई खुर्ची फिरवत नत्थूजींपाशी आल्या.

"तिले लागलं असतं तर?" नत्थूजींनीच आधी तोंड उघडलं.

"लागते ना. मलेही लागलं. ऐका, भाऊ. माह्या बाबानं मले चार वर्षं उचललं. गावात त्याईले रुपराव पैलवान म्हणत. एक दिवस पाण्याचा ड्रम सरकवताना त्याईची कंबर धरली. मग बाबा एका खाटेवर, मी दुसऱ्या. चोवीस वर्षांची पोरगी, पण खाटेवरून खुर्चीत बसता येत नव्हतं मले. काहून? कोणी बसूच दिलं नव्हतं. चूक बाबाची नव्हती, माया होती त्याईची. पण त्या मायेनं माहे चार वर्षं खाल्ले." त्यांनी नत्थूजींच्या पाठीकडे पाहिलं. "तुमची पाठ अजून किती वर्षं, नत्थूजी?"

हमालाला पाठीचं वय वेगळं सांगावं लागत नाही. गेल्या वर्षापासून पायऱ्या चढताना नत्थूजींचा गुडघा कळ मारत होता, आणि ते त्यांनी बायकोलाही सांगितलं नव्हतं.

दुसऱ्या डावात रोशनी पुन्हा पडली. अख्खं बाक नत्थूजींकडे बघू लागलं. त्यांनी बाकाची फळी दोन्ही हातांनी घट्ट धरली. माणूस बसल्या जागी किती धडपडू शकतो, ते त्या दिवशी बाकावरच्यांनी पाहिलं. रोशनीनं डावा हात जमिनीला रेटला. खुर्ची अर्धी उठली आणि परत पडली. तिनं पुन्हा रेटा दिला, आणि खुर्ची सरळ झाली! ती उठली, आणि कोणाकडेही न बघता चेंडूमागे सुसाट गेली.

सामना ते तीन गुणांनी हरले. शिबिराच्या यादीत रोशनीचं नाव राखीव खेळाडूंत आलं.

"राखीव म्हणजे आलं का नाही?" नत्थूजींनी विचारलं.

"आलं," हर्षाताई म्हणाल्या. "आता बाकीचं तिच्या हातात."

संध्याकाळी घर आलं. पायऱ्यांशी नत्थूजी सवयीनं वाकले. गळ्यात हात पडला नाही तेव्हा त्यांना भान आलं. ते सरळ झाले आणि अठरा वर्षांत पहिल्यांदा त्यांनी मुलीला विचारलं, "काय करू सांग."

"खुर्ची धरून ठेवा, बाबा. हलू देऊ नका."

ती खुर्चीतून पायरीवर उतरली आणि हातांच्या बळावर बसत बसत एकेक पायरी चढू लागली. दार उघडून भागीरथाबाई घाबऱ्याघुबऱ्या धावत आल्या.

"थांब वं," नत्थूजी म्हणाले. "तिनं सांगतलं तेवढंच कराचं."

मित्रहो, आपल्याही घरात अशी एखादी रोशनी असेल. तिच्यावर माया जरूर करा. पण हात पुढे करण्याआधी तिला विचारा. ती पडली तर तुमचा जीव वरखाली होईल, तो होऊ द्या, आणि तिला उठू द्या. दुसऱ्या दिवशी नत्थूजींच्या घरात दूध रोशनीनं आणलं. पिशवी फुटली होती, अर्धं दूध रस्त्यात सांडलं होतं. उरलेल्या दुधाचा चहा नत्थूजींनी दोनदा मागून घेतला.