सत्काराचा सिनेमा

सुदेशने माझा सत्कार ठेवला होता, डोंबिवलीला, त्याच्या सोसायटीच्या हॉलमध्ये. मी वर्तकनगरहून पैठणी नेसून गेले. मूर्खपणा माझाच.

चेन्नईच्या विशालाक्षी अम्मांच्या वडिलांनी साठ वर्षांपूर्वी काढलेल्या पाच तमिळ चित्रपटांना मी मराठी सबटायटल्स लिहीत होते. पहिला तयार होता. शुक्रवारी तो अम्मांच्या वेबसाइटवर येणार, लोक तिकीट काढून घरबसल्या बघणार आणि त्या पैशांतून उरलेल्या चार चित्रपटांची सडत चाललेली रिळं दुरुस्त होणार, असं ठरलं होतं. "कॉपी तुमच्याकडून बाहेर जाऊ देऊ नका," एवढंच अम्मा म्हणाल्या होत्या. मी ती एकट्या सुदेशला दिली. मराठीचा मास्तर, माझा धाकटा सख्खा भाऊ. माझं शुद्धलेखन दुसरं कोण तपासणार?

हॉलमध्ये शिरले तर पडद्यावर तोच चित्रपट चालू.

"सरप्राइज!" सुदेश म्हणाला. "ग्रुपवर पण टाकलाय गं ताई. चारशे जणांनी डाउनलोड केला. पोचवलं की नाही तुझं काम घराघरात?"

"अरे, तुला तपासायला दिलेला मी!"

"साठ वर्षं जुना पिक्चर. कोण विचारतंय?"

परक्याने चोरला असता तर चार शिव्या हासडून मोकळी झाले असते. याला काय म्हणू? अंगावर शाल पडली, हातात नारळ आला आणि मी माइकवर सांगितलं, "हा चोरीचा आहे. कृपा करून फोनमधून पुसून टाका आणि शुक्रवारी तिकीट काढून बघा." लोकांना ती गंमत वाटली. टाळ्याही पडल्या.

सुदेश मात्र हसला नाही. "चारचौघांत लाज काढलीस माझी," तो कानाशी पुटपुटला. "आता त्या बाईला सांग, तुमच्याच ऑफिसातून फुटला म्हणून. विषय संपला."

मी जिन्यात येऊन अम्मांना फोन लावला आणि सगळं खरं सांगितलं.

"भाऊ सख्खा आहे?" त्यांनी विचारलं.

"सख्खा."

"म्हणजे तुम्ही त्याला सोडणार नाही. मग उरलेल्या चार चित्रपटांचं काम राहू द्या."

मी फोन ठेवला. आतून सुदेशने जेवायला हाक मारली, आणि मी गेले.