‘दर्याफत्ते’चं लाकूड

निशिगंधाने ठोकळ्यावरचा निळा रंग नखाने खरवडला आणि वास घेतला. माशांचा आला. अडीचशे वर्षांच्या लढाऊ जहाजाला दुसरा कसला वास यायला हवा होता, हे तिलाही सांगता आलं नसतं.

मिरजोळ्याच्या शेडमध्ये उमेर होडेकरची फायबरची नवी होडी तयार होत होती. जुनी लाकडी होडी गेल्या आठवड्यात मोडीत काढली, तेव्हा तिच्या नाळेतून, म्हणजे पुढच्या टोकातून, हा वीतभर तुकडा निघाला. उमेरचे वडील हुसेनचाचा तो पिशवीत घालून आले होते.

निशिगंधा कॉलेजात इतिहास शिकवायची आणि तीन वर्षं एकाच जहाजामागे हात धुऊन लागली होती. ‘दर्याफत्ते’, दोन डोलकाठ्यांची गुराब. पाण्यात कधी उतरली, कुठे लढली, कुठे गोळा खाल्ला, म्हातारपणी भाताची पोती कशी वाहिली, सगळं तिने मोडी कागदांतून हुडकलं होतं. शेवटची नोंद, मोडण्यासाठी होडेकर सुताराच्या हवाली. पुढे काही नाही. प्रबंध तपासणारे सर म्हणाले होते, “तुमचं जहाज कागदावरच तरंगतंय, बाई. एखादं लाकूड तरी दाखवा.” ते तिला फार लागलं होतं.

“हे त्या मोडलेल्या जहाजाचंच ना, चाचा?”

“तर. नवी होडी बांधली की आमच्यात हे नाळेत बसवायचंच. आता फायबरला म्हणे खिळा चालत नाही.” हुसेनचाचा मुलाकडे बघत नव्हते. “न्या तुम्ही. आमचं ऐकतो कोण.”

“भोक पाडलं की पाणी शिरतं, अब्बा. किती वेळा सांगू?” उमेर रोलर फिरवतच म्हणाला.

तिने ठोकळा उलटा केला. मागे गोल करवतीच्या एकसारख्या रेषा होत्या. तिने तो उजेडात धरला.

“हे तर मशीनवर कापलंय.”

“माझ्या अब्बांनी कापून आणलेलं. जुनं कुजलं होतं.”

“म्हणजे हे ते लाकूड नव्हेच?”

“तेच की.” हुसेनचाचांना प्रश्नच कळला नाही. “कुजायला लागलं की त्याच मापाचं नवं करायचं. दोन्ही एकत्र बांधून एक हंगाम दर्यावर न्यायचं. मग जुनं चुलीत, त्यावर खलाशांचा भात. तुम्ही घरी विरजण लावता ना, तसंच.”

“हे आधी नाही का सांगायचंत?”

“तुम्ही विचारलंत कुठे?”

ती रिकाम्या पिंपावर बसली. तीन वर्षं पाण्यात गेली होती. पण विचारायची खोड जात नाही.

“असं किती वेळा झालं?”

“अब्बांच्या हातून एकदा, आजोबांच्या दोनदा. त्याआधीचं कोणाला ठाऊक?”

तिने वही काढली. कुठली होडी, कुठलं वादळ, किती माणसं वाचवली, कोण परत आलं नाही, ती विचारत गेली आणि शेवटच्या नोंदीखाली सगळं लिहीत गेली. पान भरलं, दुसरं भरलं. उमेरचा रोलर केव्हाच थांबला होता.

“अब्बा, त्याच मापाचा फायबरचा तुकडा काढला तर?” तो म्हणाला. “तो होडीतच चिकटवता येईल. हे लाकूड त्याला दोरीने बांधून एक हंगाम नेईन.”

हुसेनचाचांनी रिकाम्या पिशवीची घडी घातली, उलगडली, परत घातली. मग निशिगंधाकडे पाहिलं.

“फायबर चालेल का हो, बाई? त्या जहाजाचं तुम्हालाच जास्त ठाऊक.”

तिने ठोकळ्यावरून एकदा हात फिरवला आणि तो उमेरला दिला.

“चालेल. भात कधी शिजवाल ते मला कळवा.”