चिकलठाण्याचा कोरडा डबा

केसरबाईंच्या हातचा डबा गळतो असं कुणी म्हटलं असतं, तर चिकलठाण्याच्या त्या कारखान्यात कुणी विश्वास ठेवला नसता. पण मेघालयातून चार डबे परत आले आणि चारींतही पाणी होतं. पाऊस मोजणाऱ्या यंत्राचे विजेचे भाग कोरडे राहावेत म्हणून ज्यात बसवतात, ते हे डबे. झाकणाला रबर बसवायचं काम बावीस वर्षं केसरबाईंचं. सुपरवायझर इंद्रजीत त्यांच्या पोराच्या वयाचा. मान खाली घालून म्हणाला, "केसरबाई, सोमवारपासून तुम्ही पॅकिंगला बसा."

बाईंच्या अंगाचा तिळपापड झाला. "बसंन, साहेब. पर आधी मला तिथल्या माणसाशी बोलू द्या."

तिथलं माणूस निघालं आपल्या सोयगावची निशा, पाऊस मोजायच्या नोकरीवर गेलेली. जिल्ह्यातलं माणूस फोनवर आल्यावर पोरगी सुटलीच. "काय सांगू मावशी! आठ-आठ दिवस ऊन नाय. कपडे चुलीवर धरून वाळवायचे. मीठ बरणीतच पाझरतं, चपलांना बुरशी येती. खिडकी उघडली की ढगच घरात येतो. पहिल्या साली लई रडले. आता पाऊस थांबला की चुकल्यावानी वाटतं."

"ते ऱ्हाऊ दे. डब्यात पाणी कुठं दिसतं?"

"झाकणाला, आतल्या अंगानं. भातावरच्या ताटलीला धरतं ना, तसं."

केसरबाईंनी हाताशी असलेला डबा उलटा करून बुडाकडं पाहिलं. म्हणजे पाणी बाहेरून शिरलंच नव्हतं. आत कोंडलेल्या दमट हवेचंच पाणी झालं होतं. हवा खेळावी म्हणून डब्याच्या बुडाला बारीक भोक असतं. त्याला रबराचं बूच मारलं कुणी? यांनीच! आपल्याकडं उन्हाळ्यात धूळ काय उडते, ते यांना ठाऊक. उघडं भोक म्हणजे धुळीला आवतणच. कुणी सांगितलं नव्हतं, तरी बाई प्रत्येक डब्याला मायेनं बूच मारायच्या.

बुचाचं कुणालाच माहीत नव्हतं. गप्प बसून निभावलं असतं. पण केसरबाई सरळ इंद्रजीतपुढं जाऊन उभ्या राहिल्या. "चूक माझीच हाय, साहेब. पर माझं रबर गळत नाय. बूच काढून भोकाला जाळी लावते. एक डबा पावसाच्या खोलीत ठिवा."

पावसाची खोली म्हणजे पाणी मारून आणि वाफ कोंडून डबे तपासायची जागा. आठ दिवस डबा तिथं भिजला. नवव्या दिवशी इंद्रजीतनं स्वतः झाकण उघडलं. आत ठेवलेला टिपकागद त्यानं बोटांनी चुरगळला, तर तो कुरकुरला.

"रबराला दुसऱ्या कुणाचा हात लागायचा नाही," तो म्हणाला. पॅकिंगचं नाव पुन्हा निघालं नाही.

नवे डबे गेल्यावर महिन्याभरानं निशाचा फोन आला, तोही ऐन जेवणाच्या सुट्टीत.

"मावशी, डबा ठणठणीत कोरडा हाय! एक गुपित सांगू का? माझ्या आईचा एकच फोटो हाय माझ्याजवळ. त्याला बुरशी लागायली होती. आता तुमच्या डब्यात ठिवलाय. अख्ख्या गावात तेवढीच एक कोरडी जागा."

केसरबाईंनी डोळे पुसले, फोनचा स्पीकर लावला आणि फोन सगळ्यांच्या जेवणाच्या डब्यांमधोमध ठेवला.

"परत सांग पोरी, जरा मोठ्यानं."