माळावर सापडलेलं आडनाव

"वॉकर म्हणजे चालणारा नव्हे बाई, तुडवणारा," अँब्रोज म्हणाला. "मागावरून उतरलेलं लोकरीचं कापड शिळ्या मुतात भिजवायचे आणि पायांनी तासन्‌तास तुडवायचे. त्याशिवाय त्याची वीण घट्ट होत नसे. ते काम करणारे ते वॉकर."

वॉकरबाई नवऱ्याच्या थडग्याचा दगड सांगायला आल्या होत्या. माणूस जाऊन तीन आठवडे झाले होते आणि हातातला रुमाल अजून ओला होता, तरी त्यांना हसू फुटलं.

"म्हणजे आमच्या ह्यांचे वाडवडील जन्मभर मुतात नाचत होते म्हणा की!"

"नाचले म्हणून तर हे खोरं उबेत वाढलं."

"हे त्यांच्या कानावर जायला हवं होतं हो. मला उठता-बसता हिणवायचे, तुम्ही बॅक्स्टर म्हणजे पाववाले."

"पाववाले नव्हे, पाववाली. बॅक्स्टर म्हणजे भट्टी लावणारी बाई. तुमच्या माहेरचं नाव कुणा बाप्याने नाही, एका बाईने कमावलेलं आहे."

वॉकरबाई खूश होऊन, दगडाचा रंगही न ठरवता घरी गेल्या. अँब्रोजकडे हे नेहमीचंच होतं. हीदरशॉसारख्या यॉर्कशायरच्या डोंगरातल्या गावात तो एकोणपन्नास वर्षं दगडावर अक्षरं कोरत होता, आणि ज्या नावाचा अर्थ ठाऊक नाही त्याला छिन्नी लावायची नाही असा त्याचा हट्ट होता. माणसं दगड सांगायला येत आणि पूर्वज घेऊन जात. कुणी विचारलंच तर स्वतःचंही तो सांगे. "आम्ही टेन्टर. धुतलेलं कापड आटू नये म्हणून माळावर लाकडी चौकटींना आकड्यांनी ताणून वाळवायचे, त्यांना टेन्टर म्हणत. ते काम आमच्या लोकांचं." एवढं बोलून तो दगडाकडे वळे. याहून जास्त त्याने कुणालाच कधी सांगितलं नव्हतं, मुलालासुद्धा.

मुलगा जेराल्ड त्याच दिवशी अकराच्या सुमाराला मोटार घेऊन आला. तो खालच्या शहरात बँकेत होता. एकटाच आला होता, आणि कामाच्या वेळी बँक सोडून आला म्हणजे काहीतरी बिनसलंय हे बापाने ओळखलं.

"बाळ बरं आहे ना?"

"बाळ ठणठणीत आहे. नोंदणीच्या कचेरीत त्याचं नाव लावायला आज जायचंय, अडीच वाजता. बेचाळीस दिवसांची मुदत उद्या संपते."

"मग माझा कोट काढतो. लॉरेन्स टेन्टर." अँब्रोजने नाव जिभेवर घोळवून पाहिलं. "कोरायला सुरेख आहे."

"बाबा, आम्ही टेन्टर लावत नाही आहोत. पॉलीनच्या माहेरचं लावतोय. बोमाँट."

अँब्रोजने हातातली छिन्नी खाली ठेवली.

"पॉलीनच्या काकांना घराण्यांच्या वंशावळी काढायचा नाद आहे, तुम्हाला माहीत आहे," जेराल्ड म्हणाला. "बाळासाठी म्हणून त्यांनी आपल्या चर्चची जुनी बाप्तिस्म्याची वही पाहिली. त्यात लिहिलंय, 'चार एप्रिल एकोणीसशे अकरा रोजी टेन्टरच्या माळावर सापडलेला मुलगा. आईबाप अज्ञात.' पंचांगात त्या दिवशी संत अँब्रोजचं नाव होतं म्हणून अँब्रोज, आणि माळावर सापडला म्हणून टेन्टर. पाद्रीबुवांनी नाव कुठे ठेवलंय? तारीख आणि जागा लिहून मोकळे झाले. हरवलेल्या छत्रीला चिठ्ठी लावतात तसं!"

अँब्रोज हातावरची दगडाची धूळ झाडत राहिला.

"साऱ्या गावाला खरे पूर्वज वाटलेत आणि घरात मात्र थाप! मी शाळेत छाती फुगवून सांगायचो हो, आमचे लोक कापड ताणायचे म्हणून. काल काकांनी ती वही सगळ्यांसमोर वाचली तेव्हा मला तोंड लपवायला जागा उरली नाही."

"तू सहा वर्षांचा होतास," अँब्रोज म्हणाला. "शाळेतून धावत आलास आणि म्हणालास, सगळ्यांचे पूर्वज काहीतरी करत होते, आपले काय करत होते? मी तुला पूर्वज कुठून आणून देणार होतो? जवळ जे होतं त्यातून शिवला एक."

जेराल्डचा चेहरा उतरला, पण तो हटला नाही. "तेच म्हणतोय मी. जे नाव आपलं नाहीच, ते त्या लेकराच्या गळ्यात कशाला?"

अँब्रोजने हात धुतले, कोट चढवला, टोपी घेतली. "चल, वर जाऊन येऊ. अडीचला अवकाश आहे."

माळ गावाच्या डोक्यावर होता. चौकटी कधीच सरपणात गेल्या होत्या, आता नुसते दगडी खुंट उरले होते, त्यांना मेंढ्या अंग घाशीत. खाली गिरणी बंद पडून चार वर्षं झाली होती. अँब्रोजच्या लहानपणी या माळावरून पहाटे गिरणीत जाणाऱ्यांच्या लाकडी तळव्यांच्या बुटांचा असा खडखडाट उतरत जाई की घड्याळाची गरज पडत नसे. त्याला तो आवाज आजही हवासा वाटे. गावातल्या पोरांना आता तो सांगूनही कळला नसता.

"मार्था मावशीची तुला आठवण आहे?"

"थोडी. मला गुडघ्यावर घेऊन खोकायची."

"मागावर कामाला होती. चौतीस वर्षांची, लग्न नाही. त्या पहाटे पावणेसहाला इथून उतरताना तिला मी दिसलो. शालीत गुंडाळून या खुंटाच्या आडोशाला ठेवलेला. जवळपास कुणी नाही. तिने मला उचललं आणि त्या दिवशी कामावर गेलीच नाही. पुढे सगळ्यांनी सांगून पाहिलं, अनाथालयात दे. तिने ऐकलं नाही."

"तुम्ही इथे सापडलात हे काल वहीतून कळलंच, बाबा."

"वहीत तेवढंच आहे, पुढचं नाही. बाप्तिस्म्याला नेलं तेव्हा ती म्हणाली, माझं आडनाव लावा. ग्रीनवूड. आता या खोऱ्यात दगड भिरकावला तर ग्रीनवूडलाच लागेल, एक वाढला असता तर काय बिघडलं असतं? पण पाद्रीबुवा म्हणाले, छे, बिनलग्नाची बाई तू, लोक म्हणतील तुझंच पोर. ती म्हणाली, लोक आत्ताच म्हणताहेत. तरी नाही म्हणजे नाही. आई म्हणवून घ्यायचीही बंदी केली. म्हणून मावशी."

वारा सुटला होता. अँब्रोजने टोपी घट्ट दाबली.

"मग ते स्वतःच्या मनाने एक नाव लिहायला लागले. कुठल्याशा त्यांच्या मास्तरांचं, चांगलं भारदस्त. तेव्हा मावशीने त्यांचा हात धरला. पाद्रीबुवांचा हात! म्हणाली, माळाचं नाव लिहा. तू मघाशी छत्रीचं बोललास ना? बरोबर बोललास. पण छत्रीला चिठ्ठी कशाला लावतात रे?"

जेराल्डने खुंटाकडे पाहिलं.

"धनी आला तर ओळखू यावी म्हणून. मावशी म्हणाली, ज्या पोरीने याला ठेवलाय तिला याचं काहीच ठाऊक नसणार. नाव नाही, कुणी नेला ते नाही. ठेवला कुठे, तेवढं मात्र ती मरेपर्यंत विसरायची नाही. ती उद्या आली, दहा वर्षांनी आली, तर टेन्टरच्या माळाचंच विचारील. त्या नावाचा माणूस गावात असला म्हणजे तिला शोधावं लागणार नाही."

जेराल्डने खुंटावर हात टेकला.

"एकविसाव्या वर्षी मी मावशीला म्हटलं, आता कुणाची परवानगी नको, मी ग्रीनवूड लावतो. तेव्हा तिचे डोळे भरून आले. मनातून तिला ते किती हवं होतं हे मला दिसत होतं. तरी म्हणाली, थांब रे अजून, ती चाळिशीचीसुद्धा नसेल. दर चार एप्रिलला सकाळी मजुरी बुडवून इथे येऊन उभी राहायची. एकोणपन्नास साली गेली. मग मी येऊ लागलो."

"यंदाही?"

"यंदाही. पाऊस होता."

खाली उतरताना जेराल्ड बापाच्या कोपराला धरून चालला होता. एरवी अँब्रोजने तो हात झटकून टाकला असता.

नोंदणीच्या कचेरीबाहेर पॉलीन बाळाला घेऊन थांबली होती. जेराल्डने तिला बाजूला नेलं आणि पाच मिनिटं काहीतरी सांगितलं. ती बोमाँटांच्या घरची, हिशेबी बोलणारी मुलगी होती आणि सासऱ्याशी तिचं फारसं जमत नसे. ती परत आली तेव्हा तिने बाळ अँब्रोजच्या हातात दिलं.

आत नोंदणी करणाऱ्या होल्रॉइडबाई मोठी वही उघडून बसल्या होत्या. जन्माची तारीख झाली, जागा झाली.

"मुलाचं नाव?"

"लॉरेन्स," जेराल्ड म्हणाला.

"आडनाव?"

"टेन्टर." त्याने बापाकडे पाहिलं. पॉलीननेही मान हलवली.

होल्रॉइडबाईंनी टाक शाईत बुडवला.

"ग्रीनवूड," अँब्रोज म्हणाला.

सगळे त्याच्याकडे बघायला लागले. त्याची नजर बाळावर होती. "पोरी, तुझी हरकत नसेल तर. ग्रीनवूड लिहू दे त्यांना."

"बाबा, असं काय करता?" जेराल्ड कळवळून म्हणाला. "सकाळचं मनातून काढून टाका. मी चुकलो. टेन्टरच लावू. नाहीतर तुमचं नाव तुमच्यानंतर..."

"तुझ्यानंतर," अँब्रोज म्हणाला. "तुझ्यापर्यंत आहेच ते. जेराल्ड, माझ्या आईची ऐंशी उलटली असेल. असली तर." त्याने बाळाचं दुपटं सारखं केलं. "ती आता यायची नाही रे."

त्रेसष्ट वर्षांत हे वाक्य त्याने आजवर तोंडातून काढलं नव्हतं. चार एप्रिलच्या पावसात भिजतानाही नाही. बोलून झाल्यावर त्याचं त्यालाच नवल वाटलं की छप्पर अजून जागेवर आहे.

"जी यायची होती तिच्यासाठी दोघांनी वाट पाहिली," तो म्हणाला. "जी थांबली, तिच्या नावाचं कुणीच नाही."

होल्रॉइडबाईंनी टाक अधांतरीच धरला होता. "आईबापांपैकी कुणाचंच हे आडनाव नाही. कायद्याने चालतं, पण शाईने लिहिलेलं मला खोडता येत नाही. म्हणून पुन्हा विचारते."

उत्तर पॉलीनने दिलं. "लिहा."

होल्रॉइडबाईंनी लिहिलं. जेराल्डने खाली सही केली. त्याला दोनदा चष्मा पुसावा लागला. अँब्रोजने बाळ सुनेकडे दिलं आणि टेबलावर वाकून अक्षरं पाहिली.

"फिकट आलंय," तो म्हणाला.

"ही शाई तशीच असते. आत्ता निळसर दिसते. दोन दिवसांनी काळी होते, मग शंभर वर्षं जात नाही."

"टिपायचं नाही?"

"नाही, आपोआप वाळू द्यायची. तुम्ही निघालात तरी चालेल."

पण अँब्रोज निघाला नाही. दारावरून कुणाची प्रेतयात्रा जाऊ लागली की त्या खोऱ्यातला पुरुष असेल तिथे थांबतो, टोपी काढतो आणि ती पुरती पुढे जाईपर्यंत हलत नाही. तशी त्याने टोपी काढून छातीशी धरली आणि वही उघडी होती तोवर तो टेबलासमोर ताठ उभा राहिला.