झाइडलर आडनावाची धाकधूक

मी एक जुने जर्मन आडनाव आहे. झाइडलर.

मित्रांनो, माझा जन्म न्यूरेनबर्गजवळच्या जंगलात झाला. तिथे कुन्झ नावाचा एक माणूस दोराने उंच झाडांवर चढे, धूर करून माश्या पांगवी आणि ढोलीतला मध काढी. असे काम करणाऱ्याला झाइडलर म्हणत. गावात कुन्झ नावाचे चौघे होते. यादी करणारा कारकून वैतागला, "यातला कुठला कुन्झ?" लोक म्हणाले, "अहो, तो झाइडलर!" झाले, मी त्याला चिकटलो. पुढे त्याच्या वंशातले कुणी पाववाले झाले, कुणी शिपाई. कुणी सॅक्सनीत गेले, कुणी जहाजाने अमेरिकेला. मध मागे राहिला. मी मात्र सगळ्यांबरोबर गेलो.

एक घराणे रूर भागातल्या कोळसा खाणींत कामाला आले. तिथे माझे हाल झाले. झाइडल म्हणजे बिअरचा मग. खाणीतले सोबती त्या घराण्यातल्या आल्विन झाइडलरला हाक मारत, "काय रे मगा, आज भरलेला की रिकामा?" तोही हसे. माझा खरा अर्थ त्याला ठाऊक नव्हता. त्याच्या वडिलांनाही नव्हता.

१९७८ साली त्याच्या एकुलत्या एका लेकीचे, रोस्विथाचे लग्न ठरले. दोन वर्षांपूर्वीच कायदा बदलला होता. आता नवराबायकोला दोघांसाठी मिळून नवऱ्याचे किंवा बायकोचे, कुणाचेही एक आडनाव घेता येत होते. मला आशा वाटली. पण आल्विनच म्हणाला, "टाक ते नाव, पोरी. जन्मभर हसं झालं माझं." त्या दिवसापासून माझा जीव टांगणीला लागला. इतर शहरांत माझी माणसे पुष्कळ होती, पण या घरातून मी पुसला जाणार होतो.

लग्नाच्या सकाळी नोंदणी कचेरीतल्या वयस्कर बाईंनी विचारले, "कोणतं आडनाव लिहू?"

नवऱ्याची आई फणकारली, "विचारायचं काय त्यात? माझा डेटलेफ काय बिअरच्या मगाचं नाव लावणार?"

बाईंनी लेखणी खाली ठेवली. "मगाचा काय संबंध? मी न्यूरेनबर्गकडची. झाइडलर म्हणजे झाडांवर चढून रानातला मध काढणारे. केवढा मान होता त्यांना!"

आल्विनने हातातली टोपी चुरगाळली. नाव टाक, असे तोच सांगून बसला होता. आता कोणत्या तोंडाने शब्द मागे घेणार?

"बाबा, ठेवू का?" रोस्विथाने हळूच विचारले.

"तुमचं तुम्ही ठरवा," तो पुटपुटला.

डेटलेफने सासऱ्याकडे पाहिले. "आई, आपलं पोशमान हे आडनाव चालवायला माझे तीन भाऊ आहेत. यांच्या घरात ही एकटीच. बाई, झाइडलर लिहा."

"म्हणजे घरजावई झालास की!"

"घर तर भाड्याचं आहे, आई."

बाईंनी मला वहीत लिहिले. शाई वाळेपर्यंत मला धीर नव्हता. आल्विन टेबलाजवळ सरकला आणि लाजत म्हणाला, "झाडावर चढायचे म्हणता? किती उंच हो?"

मित्रांनो, आपल्या आडनावाचा अर्थ घरातल्या मोठ्या माणसांना आजच विचारा. त्यांना ठाऊक नसेल, तर मिळून शोधा. लोक आम्हा आडनावांची टिंगल करतात, तेव्हा आम्हाला स्वतःची बाजू मांडता येत नाही. आमच्या वतीने तुम्हालाच बोलावे लागते.