नव्वद दिवसांची पाहुणी

माझ्या पुढच्या काचेच्या डाव्या कोपऱ्यात परवान्याचे कागद एकावर एक चिकटवलेले आहेत. जुना खरवडून काढायचा कंटाळा, म्हणून त्याच्यावरच नवा. असे सदतीस थर झाले आहेत. त्यांची जाडी साडेतीन मिलिमीटर भरते. प्रत्येक थर नव्वद दिवसांचा.

मित्रांनो, मी एक जुनी सात आसनांची गाडी आहे. माझा जन्म जपानमधला. तिथे म्हातारी ठरल्यावर मी जहाजातून बर्बेराच्या बंदरात उतरले आणि हर्गेसा शहरात उंटिणीच्या दुधाचे कॅन वाहू लागले. सोमालीलँडमध्ये गाड्या रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात आणि माझे स्टीअरिंगही उजवीकडेच. त्यामुळे पुढचा ट्रक ओलांडायचा तर शेजारी बसलेल्याने मान बाहेर काढून "ये, ये!" किंवा "मरशील, थांब!" असे ओरडायचे. तिथल्या लोकांना त्यात काही वावगे वाटत नाही.

आमच्या देशाला स्वतःचे चलन आहे, पोलीस आहेत, निवडणुका आहेत. फक्त सोमालियापासून वेगळा झालेला देश म्हणून जगातल्या बहुतेक याद्यांत त्याचे नाव नाही. म्हणून परदेशात आमची वकिलात नसते, संपर्क कार्यालय असते. तळ्याकाठच्या एका देशात असे कार्यालय उघडले तेव्हा मला तिकडे पाठवले. ते उघडले, कारण त्या देशाच्या संसदेने एका परिच्छेदाचा ठराव केला होता की, व्यापारापुरते असे कार्यालय असू द्यावे. तिथले परराष्ट्र मंत्रालय आमच्या पत्रांना उत्तर देत नाही. पण संसदेचा ठराव आहे तोवर ते आम्हाला घालवूही शकत नाही.

कार्यालय नदीफा चालवते. पूर्वी ती हर्गेसात औषधशास्त्र शिकवायची. आमच्याकडून हृदयाची दुखणी घेऊन लोक या देशात येतात. नदीफाने कागदावर सही केली तरच इथले रुग्णालय त्यांना दाखल करते. पण नदीफा स्वतः राजदूत नाही. तिचा व्हिसा प्रवाशाचा, नव्वद दिवसांचा. म्हणून दर नव्वदाव्या दिवशी आमचा ड्रायव्हर इगे तिला दोनशे सहा किलोमीटरवरच्या सीमेवर नेतो. ती पलीकडे जाते, एक चहा पिते आणि परत येते. माझा परवानाही तसाच. आम्ही दोघी पाहुण्या.

पहिली दोन वर्षे इगे मला रोज पुसायचा. संसदेत आमची बाजू घेणाऱ्या मैत्री गटाचे सदस्य माझ्यात बसून म्हणायचे, "काय आरामशीर गाडी आहे!" मग निवडणूक झाली आणि गटातले अर्धे लोक पडले. नवे निवडून आले. नदीफाने माझ्या बॉनेटवर नकाशा पसरला आणि पहिल्यापासून सुरुवात केली.

"म्हणजे हा सोमालियाच ना?" नवा सदस्य विचारी.

"बसा, सांगते," ती म्हणे.

पाच वर्षांनी पुन्हा निवडणूक, पुन्हा तोच नकाशा. तोवर त्याच्या घड्या फाटल्या होत्या आणि माझी आसनेही. मला पुसायचे कुणाच्या लक्षात राहिले नाही.

कार्यालयातल्या माणसांना मंजुरीच्या दिवसापासूनच राहण्याचा परवाना द्यावा, असे विधेयक सहा वर्षे अडकून होते. एकदा अधिवेशनच संपले. एकदा ते समितीकडे परत गेले. एकदा आमचे वेगळे असणे ज्यांना मान्य नाही त्यांचे पत्र आले आणि विषय मागे पडला. आणि गेल्या खेपेला सीमेवरचा अधिकारी नदीफाला म्हणाला, "बाई, नवा नियम आलाय. पुढच्या वेळी बाहेर पडलात तर आत घेता येणार नाही." तिच्या जागी दुसरे कुणी यायचे तर त्यालाही व्हिसा हवा, आणि नवे व्हिसा बंद होते. ती गेली की कार्यालय बंद, सही बंद.

आज एकोणनव्वदावा दिवस होता. अधिवेशनाचा मात्र शेवटचा. राजनैतिक नंबरपाटी नसल्यामुळे मी नेहमीप्रमाणे संसदेच्या फाटकाबाहेर उभी होते. आत आमचे विधेयक मतदानाला होते आणि कामकाज रेडिओवर लागले होते. अध्यक्ष म्हणाले की गणसंख्येला सहा सदस्य कमी आहेत, पंधरा मिनिटे घंटा वाजेल, नंतर सभागृह उठेल.

"संपलं," इगे म्हणाला. "तुम्ही हर्गेसाला, मी घरी आणि ही भंगारात."

"अदेर, जरा गप्प बसा." वयाने मोठ्या माणसाला ती असेच 'काका' म्हणायची. तिने मैत्री गटाच्या प्रमुख लामुनुबाईंना फोन लावला. "कुठे आहात तुम्ही?"

"बाजारामागे, आम्ही सहाजण. शेळी भाजायला टाकली होती, आत्ता कुठे ताटात आलीय."

"घंटा वाजतेय."

"अगं बाई! आणि आमचे ड्रायव्हर कुठे उलथलेत कोण जाणे."

"हलू नका तिथून. आलोच."

दोन किलोमीटर. माझा क्लच घसरत होता, तरी इगेने मला पळवले. सहा खासदार आत घुसले. आसने सात, माणसे आठ.

"कोण बसलंय माझ्या मांडीवर?" लामुनुबाई ओरडल्या.

"विरोधी पक्ष, ताई."

"मग बसून राहा. जन्मात पहिल्यांदा माझ्या बाजूला आलायस."

फाटकापाशी पहारेकऱ्याने हात आडवा केला. "पाटी नाही. गाडी बाहेर लावा."

नऊ वर्षांच्या सवयीने इगेचा पाय ब्रेकवर गेला. सभागृह तीनशे मीटर चढावर होते. चार मिनिटे उरली होती, आणि एक खासदार काठी टेकत चालायचे.

लामुनुबाईंनी खिडकीतून डोके बाहेर काढले. "पाटी काय बघतोस? आमची तोंडं बघ!"

"तोंडं ओळखली हो ताई. पण गाडी..."

"गाडीत खासदार बसलेत ना? मग गाडी खासदारांची. उघड!"

पहारेकऱ्याने घड्याळ पाहिले, चरबीने माखलेली सहा तोंडे पाहिली आणि आडवा दांडा वर केला. मी दुसऱ्या गिअरमध्ये, धूर सोडत चढले. ते उतरून पळाले. मागून धावत आलेला पहारेकरी नदीफाला म्हणाला, "बाई, तुम्ही उतरायचं नाही हं. गाडीतच बसा."

ती बसून राहिली. गणसंख्या पूर्ण झाल्याचे रेडिओने सांगितले. एकेकाचे नाव पुकारून मते घेणे सुरू झाले. ते फार वेळ चालले.

"बाई, नाही झालं तर?" इगेने विचारले.

"तर उद्या सीमेवर सोडा मला. येताना तुम्ही एकटे या."

मित्रांनो, मी थकले आहे. माझ्या हाडांत गंज आहे. माझी तक्रार नाही, एक मागणे आहे. चालती गाडी दिसली की ती आपोआप चालते असे समजू नका. तिचे तेल बघा, पाणी बघा, काच पुसा. ज्या नात्याला अजून नाव मिळालेले नाही, त्याचेही तसेच असते. कुणीतरी रोज थोडे थोडे करत असते, म्हणून ते टिकते. त्या माणसालाही कधी विचारा, जेवलीस का, झोपलीस का.

नदीफाने डोळे मिटले होते. इगेने आवाज वाढवला. आत कुणीतरी खोकले, कागद सरकले आणि अध्यक्ष बोलू लागले.

"बाजूने एकशे एकोणीस. विरोधात एकशे पंधरा. विधेयक संमत झाले आहे."